शेळीचं दूध पाश्चराइझ केलं की चीज बसत नाही: गडबड कुठे शोधायची

तक्रार बहुतेक वेळा एकाच सुरात येते. कच्च्या दुधाचं चीज व्यवस्थित जमत होतं. मग कुणीतरी सांगितलं की कच्चं दूध धोक्याचं आहे, म्हणून दूध पाश्चराइझ करायला, म्हणजे जंतू मारण्यासाठी ठरावीक तापमानाला ठरावीक वेळ तापवायला, सुरुवात केली. तेव्हापासून रेनेट, म्हणजे दूध घट्ट बसवणारं एन्झाइम, घालून तास उलटला तरी पातेल्यात काहीतरी लिबलिबीत तरंगत असतं. सुरी फिरवली की ओरखडा उमटतो आणि लगेच बुजतो. पंच्यात ओतलं तर निवळीबरोबर अर्धं दूधच वाहून जातं. मग रेनेटचा ब्रँड बदलतो, नंतर तेच दुप्पट पडायला लागतं. त्यानं थोडंफार बसतं, पण टिकवायला ठेवलेलं चीज पुढे कडू होतं, कारण जादा रेनेट चीजमध्ये आपलं काम चालूच ठेवतं. शेवटी शेळीच्या दुधाला पाश्चरायझेशन मानवत नाही असा निकाल लागतो आणि घर पुन्हा कच्च्या दुधावर येतं.

हा निकाल मला मान्य नाही. ६३ अंश सेल्सिअसला ३० मिनिटं नीट धरलेलं शेळीचं दूध रेनेटनं बसतं. कच्च्यापेक्षा थोडं मऊ, पण बसतं. न बसणारं दूध बहुतेक वेळा ६३ वर थांबलेलंच नसतं. ते ७५ किंवा ८० पर्यंत जाऊन आलेलं असतं आणि घरात कुणाला त्याचा पत्ताही नसतो.

रेनेटचं काम केसीन या प्रथिनावर चालतं. केसीनचे सूक्ष्म गोळे दुधात एकमेकांपासून फटकून राहतात, कारण त्यांच्या अंगावर कॅपा-केसीन या प्रकारच्या केसीनची लव असते. रेनेट ती लव छाटतं, मग गोळे कॅल्शियमच्या मदतीनं एकमेकांना चिकटतात आणि दूध बसतं. दूध ७० अंशांच्या पुढे गेलं की निवळीतली प्रथिनं, मुख्यतः बीटा-लॅक्टोग्लोब्युलिन, उलगडून त्याच लवेला जाऊन चिकटतात. रेनेटला छाटायला जागाच सापडत नाही, आणि जिथे सापडते तिथेही गोळे जवळ येताना मध्ये अडथळा असतो. शिवाय तापल्यामुळे दुधातलं थोडं कॅल्शियम विद्राव्य रूपातून बाहेर पडतं. ६३ अंशांवर अर्ध्या तासात हे नुकसान किरकोळ असतं. ८० वर पाच-दहा मिनिटं दूध राहिलं तर मोठं असतं, आणि त्यावर कितीही रेनेट ओतलं तरी उपयोग नाही.

शेळीच्या दुधाची मुळातच एक नाजूक बाजू आहे. गाईच्या तुलनेत त्यात अल्फा-एस-१ हा केसीनचा प्रकार कमी, आणि तेही शेळीगणिक वेगळं. त्यामुळे जी चूक गाईचं दूध पोटात घालतं ती शेळीचं घालत नाही. गाईच्या दुधावर हात बसलेली माणसं इथे हमखास अडखळतात.

आधी दोन वाडग्यांची चाचणी

रेनेट बदलण्याआधी, कॅल्शियम मागवण्याआधी हे करा. एकाच दुधातून दोन वाडगे घ्या, प्रत्येकी २०० मिली. एकात कच्चं दूध, दुसऱ्यात तुम्ही नेहमीच्या पद्धतीनं पाश्चराइझ करून निववलेलं. दोन्ही ३२ अंशांवर आणा आणि कोमट पाण्याच्या परातीत ठेवा, म्हणजे तापमान टिकेल. उकळून गार केलेल्या पाण्यात थोडं रेनेट विरघळवून दोन्हींत सारखं, एकेक चमचा घाला आणि ढवळा. आता दोन्हींवर बाटलीचं हलकं प्लास्टिकचं झाकण उलटं तरंगत सोडा. दर मिनिटाला बोटानं झाकणाला हलकी गिरकी द्या. सुरुवातीला ते सहज फिरतं. मग जड होतं. एका क्षणी फिरायचं थांबतं आणि ढकललं तर आजूबाजूच्या दुधासकट हलतं. ती वेळ लिहून ठेवा. साधारण १० ते २० मिनिटांत हा क्षण येतो.

कच्चं वेळेत बसलं आणि तापवलेलं बसलं नाही, तर दोष तापवण्यात आहे. दोन्ही बसली नाहीत, तर पातेल्याला दोष देऊ नका. रेनेट मेलेलं आहे, पाण्यात क्लोरीन आहे, तापमान चुकलंय किंवा दुधातच काहीतरी आहे. दोन्ही बसली पण तापवलेल्याला वेळ जास्त लागला आणि ते मऊ राहिलं, तर कॅल्शियमनं भागेल. कच्च्याचा वाडगा चाचणी झाली की टाकून द्या, चाखायचा नाही.

क्लोरीनबद्दल जरा थांबून सांगते, कारण ही गोष्ट कुणाच्या डोक्यात येत नाही. रेनेट हे एन्झाइम आहे. क्लोरीनच्या पाण्यात घातलं की ते काही मिनिटांत निकामी होऊ लागतं. ग्रामपंचायतीच्या टाकीत ब्लीचिंग पावडर पडते त्या दिवशी चीज बसत नाही आणि चार दिवसांनी बसतं, असं घडू शकतं आणि कारण कळत नाही. रेनेट नेहमी उकळून पूर्ण गार केलेल्या पाण्यात विरघळवायचं, तेही घालण्याच्या अगदी आधी. गरम पाण्यातही ते मरतं.

पातेल्यातलं तापमान खरंच किती होतं?

तापवण्यातली मुख्य चोरी पाण्याच्या पातेल्यात असते. बहुतेक घरांत पद्धत अशी: मोठ्या पातेल्यात पाणी, त्यात दुधाचं स्टीलचं भांडं, खाली गॅस. दुधातला थर्मामीटर ६३ दाखवतो आणि गॅस बंद होतो. इथपर्यंत सगळं बरोबर वाटतं. पण त्या क्षणी बाहेरचं पाणी ८५–९० अंशांवर असतं. गॅस बंद झाला तरी ते पाणी दुधाला उष्णता देतच राहतं. झाकण ठेवून माणूस दुसऱ्या कामाला लागतो, अर्ध्या तासानं येऊन बघतो तर थर्मामीटर ६६ दाखवतो. त्याला वाटतं, वा, छान टिकलं. मधल्या वेळात दूध ७६ पर्यंत चढून खाली आलेलं असतं.

उपाय सोपा आहे: दुसरा थर्मामीटर पाण्यात ठेवा. दूध ५५ च्या आसपास आलं की पाणी ६८ ते ७० च्या वर जाऊ देऊ नका. गॅस अगदी बारीक करा, लागलं तर बंद करा. शेवटचे आठ अंश दुधानं सावकाश चढायचे. पाणी फार तापलंय असं दिसलं तर बाहेरच्या पातेल्यात तांब्याभर गार पाणी ओता, दुधात नव्हे. दूध ६३ ला पोचलं की तिथून ३० मिनिटं मोजायची. मध्येच ६२ झालं तर गॅस लावून परत ६३ वर आणायचं आणि घड्याळ पुन्हा शून्यापासून. इथे वीस मिनिटं आधी झाली होती, दहा आता, असा हिशेब चालत नाही.

खालच्या पातेल्यात कुकरची जाळी किंवा एखादी रिंग ठेवा, म्हणजे दुधाचं भांडं तळाला टेकणार नाही. बाहेरच्या पाण्याची पातळी आतल्या दुधाच्या पातळीपेक्षा थोडी वर हवी, नाहीतर वरचा थर थंड राहतो. दर तीन-चार मिनिटांनी तळापासून वर, हळूच ढवळायचं. रवी फिरवायची नाही. फेस काढून टाकायचा, कारण फेसातलं तापमान दुधापेक्षा कमी असतं आणि तिथे जंतू वाचतात. याच कारणासाठी झाकण ठेवायचं. झाकणाखालची वाफही गरम राहायला हवी.

थेट गॅसवर तापवू नका असं मी म्हणते ते फक्त दूध तळाला लागतं म्हणून नाही. तळाचं दूध ९० वर आणि वरचं ५८ वर, आणि थर्मामीटर मध्ये कुठेतरी ६३ म्हणतोय, असं दूध धड सुरक्षितही नसतं आणि धड चीजच्या कामाचंही नसतं.

७२ अंशांवर १५ सेकंदांची पद्धत डेअरीतल्या यंत्रासाठी आहे. तिथे दूध पातळ थरात वाहतं, क्षणात तापतं आणि क्षणात निवतं. घरच्या पातेल्यात ७२ गाठेपर्यंत आणि तिथून खाली येईपर्यंत बराच वेळ जातो, आणि त्या वेळात आकडा सहज ७५ च्या पुढे सरकतो. पनीरला चालेल. रेनेटच्या चीजला ६३ चीच वाट धरा.

थर्मामीटर

यावर पैसे वाचवू नका, आणि असलेल्यावर डोळे झाकून विश्वासही ठेवू नका. स्वयंपाकघरातले काटेवाले थर्मामीटर पाच-सहा अंशांनी खुशाल खोटं बोलतात. पाच अंश कमी दाखवणारा थर्मामीटर असेल तर तुमचं ६३ म्हणजे खरं ६८. पाच जास्त दाखवणारा असेल तर खरं ५८, म्हणजे पाश्चरायझेशन झालंच नाही. दुसरी चूक पहिलीपेक्षा वाईट, कारण तिच्यात चीज उत्तम बसतं आणि कुणाला शंकाच येत नाही.

तपासायचं असं. पेल्यात बर्फाचा चुरा भरा, बुडेल इतकंच पाणी घाला, ढवळा, दोन मिनिटांनी वाचन घ्या: ० यायला हवं. मग उकळतं पाणी. इथे गावाची उंची लक्षात घ्या. मुंबईत १००, पुण्यात साधारण ९८, महाबळेश्वरला साडेपंचाण्णवच्या आसपास. पुण्यातल्या माणसानं १०० दिसत नाहीत म्हणून चांगला थर्मामीटर परत केल्याची उदाहरणं आहेत.

कपाळावर धरायचा बंदुकीसारखा इन्फ्रारेड थर्मामीटर दुधाला वापरू नका. तो वरच्या सायीचं आणि फेसाचं तापमान सांगतो. दांडीवाला डिजिटल थर्मामीटर घ्या, टोक दुधाच्या मध्यावर धरा, भांड्याच्या तळाला किंवा कडेला टेकू देऊ नका. पाऱ्याचा काचेचा थर्मामीटर तर खाण्याच्या भांड्याजवळही नको.

निववणं

तीस मिनिटं झाली की भांडं उचलून थेट गार पाण्याच्या टबात. पहिलं पाणी पाच मिनिटांत कोमट होतं, ते बदला, दुसऱ्यांदा बर्फ टाका, दूध ढवळत राहा. फेटा या ग्रीक चीजसारखं चीज करायचं असेल तर ३२ वर थांबा. मऊ, पसरायचं चीज करायचं असेल तर २२–२४ वर. साठवायचं असेल तर थेट ४ पर्यंत. पाश्चरायझेशननं सगळे जंतू मरत नाहीत, उष्णतेला दाद न देणारे बीजाणू उरतात, आणि दूध ओट्यावर आपोआप निवायला ठेवलं तर कोमट अवस्थेतले दोन-तीन तास त्यांना आयते मिळतात.

कॅल्शियम

सगळं नीट करूनही चीज मऊच बसत असेल तर कॅल्शियम क्लोराइड. दुधाच्या वजनाच्या ०.०२ टक्के, म्हणजे लिटरला ०.२ ग्रॅम. ३० टक्क्यांचं तयार द्रावण मिळालं तर ५ लिटरला अडीच मिली, म्हणजे अर्धा लहान चमचा. ते पाव कप पाण्यात पातळ करून, दूध निवल्यावर, रेनेटच्या आधी घाला आणि ढवळा. जास्त घातलं तर चीज रबरी आणि कडवट होतं. खाण्याच्या दर्जाचंच घ्या. कपाटातली ओल शोषायला मिळणाऱ्या पुड्यांमध्येही कॅल्शियम क्लोराइड असतं, ते वापरू नका.

कॅल्शियमच हवं ना, मग पानाचा चुना का नको, असं विचारणारे भेटतात. चुन्यानं दुधाची आम्लता कमी होते आणि रेनेटला थोडी आम्लताच हवी असते. म्हणजे ज्यासाठी घातला त्याच्या बरोबर उलट परिणाम.

याच्याशी जोडलेली एक गोष्ट: कच्च्या दुधाची पाककृती जशीच्या तशी पाश्चराइझ केलेल्या दुधाला लावता येत नाही. कच्च्या दुधात आंबवणारे जिवाणू असतातच, त्यामुळे विरजण न घालताही दूध हळूहळू आंबट होतं आणि रेनेटला साथ मिळते. पाश्चराइझ केल्यावर ते गेले. आता विरजण तुम्हाला घालावं लागणार आणि रेनेटच्या आधी त्याला अर्धा ते एक तास द्यावा लागणार. यासाठी घरचं दही मी वापरत नाही. दही म्हणून ते कितीही चांगलं असलं तरी त्यात कोणते जिवाणू किती आहेत याचा नेम नसतो, अनेकदा यीस्टही असतं, आणि दह्याचे बरेच जिवाणू ४० अंशांच्या आसपास रमतात, २२ ला नाही. चीजसाठीचं मेसोफिलिक कल्चर, म्हणजे मध्यम तापमानाला वाढणारं विरजण, पाकिटात मिळतं, फ्रीजरमध्ये महिनोन्‌महिने टिकतं.

मग कच्च्यालाच काय हरकत?

हा प्रश्न टाळून पुढे जाता येणार नाही, कारण चीज बिघडलं की मन तिकडेच ओढ घेतं. १८८७ मध्ये डेव्हिड ब्रूस या लष्करी डॉक्टरनं माल्टा बेटावर तापानं मेलेल्या ब्रिटिश सैनिकांच्या प्लीहेतून एक जंतू वेगळा केला. ताप यायचा, उतरायचा, पुन्हा यायचा, महिनोन्‌महिने. तो येतो कुठून हे पुढे कित्येक वर्षं कळलं नाही. १९०५ मध्ये थेमिस्तोक्लिस झामित या माल्टीज डॉक्टरनं बेटावरच्या शेळ्या तपासल्या. दिसायला धडधाकट, दूध भरपूर, आणि अंगात तोच जंतू. १९०६ मध्ये सैनिकांच्या जेवणातून शेळीचं दूध काढलं आणि छावणीतला ताप झपाट्यानं उतरला. तो जंतू म्हणजे ब्रुसेला मेलिटेन्सिस. हा रोग भारतातल्या शेळ्यांतही आहे. कळपात शेळ्या शेवटच्या महिन्यांत गाभडायला लागल्या तर ब्रुसेलोसिसची शंका घ्यायलाच हवी आणि पशुवैद्याकडून तपासणी करून घ्यायला हवी. गाभडलेल्या शेळीचं वार हातमोज्यांशिवाय उचलायचं नाही. घरात कुणाला येऊन-जाऊन ताप, कंबरदुखी, सांधेदुखी आणि रात्री घाम असेल तर डॉक्टरांना शेळ्या आहेत आणि दूध कच्चं घेतलं आहे हे सांगा. ते आपणहून विचारतीलच असं नाही.

मीठ घातलं, दही झालं, म्हणून जंतू मेला असं होत नाही. ताज्या मऊ चीजमध्ये तो आरामात टिकतो. ६३ हा आकडाही असाच अनुभवातून आला आहे. अमेरिकेत आधी ६१.७ अंश पुरेसे मानत. क्यू फीव्हर या जनावरांपासून माणसाला होणाऱ्या तापाचा कॉक्सिएला जंतू त्यातून वाचू शकतो असं दिसल्यावर १९५६ मध्ये तो ६२.८ केला. आपण त्यालाच ६३ म्हणतो. म्हणून एक-दोन अंश खाली चाललं तर काय बिघडलं, याचं उत्तर बरंच काही असं आहे.

तापवतानाच दूध फुटतं

दूध ६३ ला पोचायच्या आत कण दिसायला लागले, तर ते आधीच आंबलेलं होतं. आपल्याकडच्या उस्मानाबादी किंवा संगमनेरी शेळ्या एका वेळेला थोडंच दूध देतात, म्हणून चीजपुरतं दूध जमवायला दोन-तीन वेळचं एकत्र केलं जातं. इथेच घोळ होतो. सकाळच्या गार दुधात संध्याकाळचं धारोष्ण दूध ओतलं की सगळंच कोमट होतं आणि उन्हाळ्यात तासाभरात आंबतं. प्रत्येक वेळचं दूध वेगळं, बर्फाच्या पाण्यात गार करून मगच एकत्र करा आणि दोन दिवसांच्या आत वापरा. पातेलं चढवण्याआधी पळीभर दूध उकळून बघा. पळीत फुटलं तर सगळं दूध वाचवण्याची धडपड करू नका. शेळीचं दूध उष्णतेला तसंही कमी टिकतं.

आंबलेलं नसताना फुटत असेल तर एखादी नुकती व्यालेली शेळी त्यात आहे का बघा. चिकात निवळीची प्रथिनं इतकी असतात की तो तापवला की घट्ट होतोच, खरवस त्यामुळेच होतो. व्याल्यानंतरचे निदान पाच दिवस, शक्यतो आठवडाभर, ते दूध चीजच्या भांड्यात नको. आटत आलेल्या शेळीचं आणि कासेला दाह असलेल्या शेळीचं दूध फुटणार नाही कदाचित, पण रेनेटला नीट बसणारही नाही. चव खारट लागली तर दोन्हींपैकी एक धरा.

कासेच्या दाहावर सडात ट्यूब सोडली असेल तर आणखी एक भानगड. अँटिबायोटिक ६३ अंशांवर नाहीसं होत नाही. ते दुधात राहतं आणि तुमचं विरजण मारतं. रेनेटनं दूध बसतं, पण आंबटपणा येतच नाही, चीज गोडसर आणि ओलं राहतं. ट्यूबच्या पाकिटावर किंवा पशुवैद्यानं जितके दिवस सांगितले तितके दिवस त्या शेळीचं दूध वेगळं काढा. वासराला, करडांना पाजायलाही विचारून घ्या.

दुसऱ्या दिवशी चीज फुगतं

चांगलं बसलं, दाबलं, आणि सकाळी बघावं तर साच्यातून वर आलेलं, कापल्यावर आत अनारशासारखी जाळी आणि वासाला गोठा. हे शेणातून येणाऱ्या कोलिफॉर्म जंतूंचं काम. पाश्चरायझेशनमध्ये ते सहज मरतात, म्हणून ते दिसले की त्याचे दोनच अर्थ: तापमान गाठलंच नव्हतं, किंवा दूध निवल्यावर ते पुन्हा आत गेले. दुसरं जास्त वेळा घडतं. पाश्चराइझ केलेलं दूध त्याच बादलीत परत ओतणं, जिच्यात धार काढली होती, हे सर्रास चालतं. गाळायचा पंचा नुसता धुऊन वाळवलेला असतो, उकळलेला नसतो. ढवळायला लाकडी उलथनं असतं आणि त्याच्या भेगांत कालचं दूध असतं. कच्चं दूध जिथे हाताळलं तिथली एकही वस्तू पाश्चराइझ केलेल्या दुधाजवळ येऊ देऊ नका. पंचे दहा मिनिटं उकळा. स्टीलची पळी, स्टीलचं गाळणं. फुगलेलं चीज खाऊ नका.

उन्हाळ्यात विदर्भ-मराठवाड्यात खोलीचं तापमान ३८–४० असतं, तेव्हा २२ अंशांवर रात्रभर बसवायच्या चीजचा नादच सोडलेला बरा. फ्रीजमध्ये २२ मिळत नाहीत आणि खोलीत विरजण चार तासांत सगळं आंबवून टाकतं. बर्फाच्या बाटल्या घातलेल्या थर्माकोलच्या पेटीत जमतं, पण बाटल्या बदलायला रात्री उठावं लागतं. मी त्या दोन महिन्यांत सरळ पनीर करते.

पनीरची गोष्टच निराळी. तिथे दूध ८५–९० पर्यंत न्यायचं असतं, निवळीतली प्रथिनं केसीनला चिकटणं तिथे फायद्याचं, कारण ती चोथ्यात येतात आणि वजन वाढतं. रेनेटला नालायक ठरलेलं जास्त तापलेलं दूध याच कामाला वापरून टाका. शेळीचं पनीर मऊ होतं, तुकडे तळायला गेलात तर विस्कटतील. भुर्जीला उत्तम.

वासाची तक्रार

बोकडाचा वास म्हणतात तो बराचसा कॅप्रोइक, कॅप्रिलिक आणि कॅप्रिक या आम्लांचा. ती स्निग्धात बांधलेली असतात, आणि दुधातलं लायपेज हे एन्झाइम त्यांना मोकळं करतं. कच्चं दूध जितकं हिंदकळेल, उंचावरून ओतलं जाईल, मोटारसायकलवर डबा बांधून खड्ड्यांतून जाईल, तितके स्निग्धाचे कण फुटून लायपेजच्या तावडीत सापडतात. पाश्चरायझेशन लायपेजला थांबवतं, पण आधी सुटलेला वास परत आत घालत नाही. म्हणून दोन दिवस फ्रीजमध्ये ठेवून मग तापवण्यापेक्षा त्याच दिवशी तापवून ठेवलेलं दूध वासाला चांगलं राहतं. बोकड गोठ्यात दुभत्या शेळ्यांजवळ बांधला असेल तर तो आधी हलवा. बाकी सगळं नंतर.

मिठाच्या पाण्यात चीज विरघळतं

फेटासारखं चीज खाऱ्या पाण्यात ठेवलं आणि आठवड्यात वरचा थर बुळबुळीत झाला, ही पाश्चराइझ केलेल्या दुधाची शेवटची नेहमीची तक्रार. मीठ कमी पडलं असं समजून लोक आणखी मीठ घालतात. खरं कारण असं की साध्या पाण्यात कॅल्शियम नसतं, त्यामुळे चीजमधलं कॅल्शियम पाण्यात उतरतं आणि पृष्ठभागाची वीण सैल होते. खारं पाणी त्याच चीजच्या निवळीत करा, लिटरला ७०–८० ग्रॅम मीठ, तेही आयोडीन नसलेलं. निवळी आधी उकळून, गाळून, गार करून घ्या. निवळी शिल्लक नसेल तर उकळलेल्या पाण्यात लिटरला एक लहान चमचा कॅल्शियम क्लोराइडचं ३० टक्क्यांचं द्रावण आणि थोडा व्हिनेगर घाला. चीज त्यात टाकण्याआधी एक दिवस कोरडं मीठ चोळून जाळीवर फ्रीजमध्ये ठेवा, पृष्ठभाग घट्ट होतो. बुळबुळीत झालेलं चीज पुन्हा घट्ट होत नाही. वास चांगला असेल तर वरचा थर खरवडून आतलं त्याच दिवशी पराठ्यात घालून संपवा, वास बदलला असेल तर फेका.